लाभ, दोन, तीन, चार

माया,

तू विचारलं नाहीस. सुरुवात तिथूनच करतो. तू गेल्याला आज सोळा दिवस झाले आणि सोळा दिवस लोक तुझ्याबद्दल नुसतं गोड बोलत आहेत. गोड बोलणं तुला कधी सोसलं नाही. परवा एक गृहस्थ माझ्या दुकानात बसून म्हणाले, "मायाताईंचा गळा म्हणजे कोकिळेचा." त्यांच्यासाठी चहा सांगितला होता, तो मी परत पाठवला. तुझा गळा गंजलेल्या फाटकासारखा होता. त्या फाटकानं दारव्ह्यापासून बंगलोरपर्यंत माणसं जागेवरून उठवली. ज्यानं ते ऐकलं नाही त्यानं तुझ्यासाठी हळहळू नये, असं माझं मत आहे.

मी हळहळत नाही. माझं भांडण बाकी आहे. नऊ वर्षांपूर्वी तू माझा आवाज घेतलास आणि मला विचारलं नाहीस. त्या भांडणाचा निकाल लावायला मी नागपूरच्या दवाखान्यात आलो होतो, तिथंही तू हसून टाळलंस. आता तुला उठून जाता येणार नाही. ऐक.

मी बाजार समितीत आलो तेव्हा पाठीवर पोतं होतं. किसन्या हमाल. तुझा बाप भीमराव तेव्हा मापारी होता आणि मला त्यानंच काट्यावर उभं केलं. लोखंडी आकड्याला कापसाचं गाठोडं लटकवायचं, काटा स्थिर झाला की कितवं गाठोडं तो आकडा मोठ्यानं पुकारायचा. मोठ्यानं अशासाठी, की घेणारा आणि देणारा दोघांनाही एकाच वेळी ऐकू जावं, मागून कुणी कुणाला खोटं पाडू नये. पहिल्या गाठोड्याला एक म्हणायचं नाही, लाभ म्हणायचं. एक म्हटलं की माल एकटाच राहतो, बरकत येत नाही, असं जुने लोक सांगत. लाभ, मग दोन, मग तीन. तिकडं शेतकऱ्याची बायको ढिगाजवळ बसून दर पुकाऱ्याला पदराला एक गाठ मारायची. ज्यांना लिहिता येत नव्हतं त्यांची ती पावती होती. भीमरावच्या मापात गाठ आणि आकडा कधी चुकला नाही.

तू नऊ वर्षांची असताना भीमराव गेला. त्याचा काटा माझ्याकडे आला. पुढं मी दलाली केली, खेडोपाडी कापूस घेतला, गोदाम बांधलं, शेठ झालो. हे मला कुणी दिलं नाही. माझ्या आयुष्यात मला एकही गोष्ट भाव केल्याशिवाय मिळालेली नाही, आणि मीही कुणाला भाव केल्याशिवाय काही दिलेलं नाही. याला लोक कंजूषपणा म्हणतात. म्हणू देत.

तू गोदामात पहिल्यांदा आलीस ती गिटार पाठीला लावून. नागपूरला शिकायला गेली होतीस, तिथल्या होस्टेलात कुणाकडून तरी तो धांगडधिंगा ऐकलास आणि शिक्षण संपवून, केस कातरून परत आलीस. तुझ्या आईनं, कमलबाईनं, आठ दिवस शेजाऱ्यांकडे बघितलं नव्हतं. तुझ्यासोबत दोघं होते. फिरोज, चुलत्याच्या बँडपार्टीत लग्नाच्या वरातीपुढं ताशा वाजवणारा. आणि रोशन राठोड, तांड्यावरचा, चार तारांची जाड गिटार घेऊन उभा, तोंडातून शब्द नाही.

"काका, गोदाम पाह्यजे होतं. वाजवाले."

"कायले? लग्न हाय का कोणाचं?"

"आमचा बँड हाय. पंक."

"पंक म्हणजे काय?"

तू जरा विचार केलास. म्हणालीस, "ज्याले कोणी स्टेजवर बोलावत नाही, तो स्वतःच स्टेज घेऊन येते. त्याले पंक म्हंतात."

"मंग स्टेज घेऊन या नं. माहं गोदाम कायले मागता?"

फिरोज हसला. तू हसली नाहीस. म्हणालीस, "काका, खरंच गरज हाय. वस्तीत वाजवू देत नाहीत, शाळेनं हाकललं, फिरोजच्या घरी म्हातारी आजारी हाय. तुमच्याशिवाय कोणी नाही."

तेव्हा मी तुला खाली बसवलं आणि भावाचा पहिला धडा दिला. आठवतो ना? मी म्हणालो, "पोरी, आपल्याले गरज हाय हे समोरच्याले कळू देशीन तं मेलीस. गरज पोटात ठेवाची. तोंडावर असं दाखवाचं, का मिळालं तं ठीक, नाही मिळालं तं दुसरं गोदाम हाय."

तू उठलीस, फाटकापर्यंत गेलीस, वळून परत आलीस आणि चेहरा कोरा ठेवून म्हणालीस, "काका, दिग्रसले एक गोदाम हाय, तुमच्याहून मोठं. पण मले जाणं-येणं दूर पडते. तुमी काय म्हंता?"

दिग्रसला तसलं गोदाम नव्हतं, हे मला ठाऊक होतं. मला ठाऊक आहे हे तुलाही ठाऊक होतं. सौदा असा ठरला, की दर रविवारी दुपारी माझा चौकीदार जेवायला गावात जातो तेवढा वेळ तुम्ही गोदाम राखायचं, बिडी ओढायची नाही, आणि त्या बदल्यात वाजवायचं. मला त्या दिवशी फार बरं वाटलं होतं. माझ्या दोन्ही मुलांना भाव करता येत नाही. छापील किमतीला वस्तू घेऊन येतात.

मग ती गंमत झाली. तिला गंमत म्हणायला मला बरीच वर्षं लागली. हंगाम भरात होता, गोदाम छतापर्यंत कापसानं भरलेलं. मधे जेमतेम बैलगाडीएवढी जागा. तुम्ही तिथं उभे राहून वाजवायला लागलात आणि आवाजच येईना. फिरोज ढोलावर घाम गाळतोय आणि बाहेर, दहा पावलांवर बाजेवर बसलेल्या मला वाटतंय, कुणीतरी गादी झोडपतंय. कापूस आवाज खातो, माया. हे आम्हाला सगळ्यांना ठाऊक असतं, पण गाण्याच्या बाबतीत ते कुणाच्या ध्यानात येतं?

तू बाहेर येऊन म्हणालीस, "काका, तुमच्या कापसाले आमचं गाणं आवडलं नाही."

"कापसाले अक्कल हाय."

"मंग आमी अजून जोरात वाजवतो."

आणि वाजवलंत. एक रविवार नाही, दिवाळीपासून होळीपर्यंत. तुम्हाला वाटत राहिलं, आपलंच कमी पडतंय. फिरोजनं दांडकी मोडली, रोशनची बोटं फुटली, तू अशी ओरडायला शिकलीस की मानेच्या शिरा दोरासारख्या दिसायच्या. शहाण्या माणसानं चार दिवसांत जागा बदलली असती. तुम्ही तिघांनी अख्खा हंगाम कापसाशी कुस्ती केली.

यवतमाळला, कॉलेजच्या सभागृहात, तुमचा पहिला कार्यक्रम झाला तेव्हा मी मागच्या रांगेत होतो. जिनिंगच्या कामासाठी आलो होतो, जाता जाता डोकावलो. निदान तुला तसंच सांगितलं होतं. तुमच्या आधी कुण्या पोरानं बासरी वाजवली, टाळ्या झाल्या. मग तुम्ही आलात. चार भिंती, वर सिमेंटचं छत, खाली फरशी, कापसाचं बोंडसुद्धा नाही. आणि तुम्ही गोदामात वाजवायचात तसंच वाजवलंत.

पहिल्याच ठोक्याला प्राचार्यांनी खुर्चीचे हात धरले. खिडकीची एक काच खाली आली. पुढच्या रांगेतले पाहुणे उभे राहिले ते स्वागताला नव्हे. तूसुद्धा दचकलीस, मी पाहिलं. तुला तुझाच आवाज पहिल्यांदा ऐकू आला होता. क्षणभर तू फिरोजकडं बघितलंस, फिरोजनं तुझ्याकडं, आणि दोघंही हसलात. आवाज कमी करावा असं तुमच्यापैकी एकाच्याही मनात आलं नाही. मागच्या बाजूची पोरं खुर्च्यांवर चढली. माझ्या शेजारी एक पोरगी होती, कळंबची, साधी, वेणी घातलेली. ती इतकी ओरडत होती की मी तिला विचारलं, "काय झालं वो बाई?" ती म्हणाली, "काही नाही काका, खूप दिवसाचं होतं."

पुढं मोठ्या शहरांतले लोक तुला विचारायचे, हा आवाज कुठून आला. तू सांगायचीस, कापसानं शिकवला. लोकांना ती कविता वाटायची. ती साधी खरी गोष्ट होती आणि गोदामाला मालक होता.

बँडचं नाव तू ठेवलंस 'कवडी'. किडका, डागी, काळपट पडलेला कापूस आम्ही निवडून बाजूला टाकतो, तो कवडी. मी म्हणालो, नाव तरी चांगलं ठेवा. तू म्हणालीस, "काका, चांगल्या कापसाचा भाव तुमी ठरवता. कवडीचा भाव आमी ठरवू." तो भाव मी न ताणता मान्य केला. असं फार वेळा झालेलं नाही.

आता मुद्द्यावर येतो.

फिरोज गाणं सुरू करताना दांडकी आपटून 'वन, टू, थ्री, फोर' म्हणायचा. मीच एकदा बाजेवरून ओरडलो, "वन-टू काय लावलं बे? इंग्रजी शाळा हाय का? माप सुरू कराचं तं लाभ म्हण." तिघंही हसलात आणि त्या दिवसापासून तुमचं गाणं 'लाभ, दोन, तीन, चार' असं सुरू व्हायला लागलं. तिथवर माझी तक्रार नाही. उलट मी चिडवायचो, "चारवर थांबते तो कसला मापारी? माल संपेस्तोवर मोजा लागते." तू म्हणायचीस, "आमचा माल चारच्या पुढंच सुरू होते, काका."

मग एका दिवशी माझा मापारी तापानं पडला. गाडी उभी होती, शेतकरी खोळंबला होता. मी सदरा काढून ठेवला आणि स्वतः काट्यावर उभा राहिलो. कितीतरी वर्षांनी. तू तिथं पायरीवर बसून होतीस, हातात मोबाईल. मला वाटलं, काहीतरी वाचतेयस.

दोन महिन्यांनी माझी गाडी गॅरेजात होती म्हणून मी यवतमाळला जीपनं निघालो. ड्रायव्हरनं गाणं लावलं. आधी नुसता काटा करकरल्याचा आवाज. मग एक माणूस लांब सूर ओढून पुकारतो, लाभ. दोन. तीन. चार. आणि मग तुमचा दणका. जीपमधे माझ्यासमोर एक म्हातारा बसला होता, मांडीवर कोंबडी. तो कान देऊन म्हणाला, "अरे, हा तं किसन्या हमाल." बाकीचे हसले. मी तोंडावर रुमाल धरून बसलो आणि पुढच्याच फाट्यावर उतरलो. ऊन मी म्हणत होतं. तासभर दुसरी जीप आली नाही. त्या तासात मी तुला जे जे बोललो ते इथं लिहिण्यासारखं नाही.

शेठ व्हायला मला वीस वर्षं लागली होती, माया. तू चार आकड्यांत मला परत काट्याखाली उभं केलंस. बाजारात पोरं माझ्याकडं बघून 'लाभ' म्हणून पळायला लागली. व्यापारी हसून विचारायचे, शेठ, पुढचं गाणं केव्हा.

मी वस्तीत, तुझ्या दारात आलो. तू कपडे वाळत घालत होतीस.

"मले इचारलं काहून नाही?"

"इचारलं असतं तं तुमी भाव केला असता."

"केलाच असता. भाव करणं म्हणजे मान देणं असते. रस्त्यावर पडलेल्या वस्तूचा भाव करत नाहीत, उचलून नेतात. तू मले उचलून नेलं."

तू ओला टॉवेल पिळत राहिलीस. "आवाज काढून टाकू का?"

"आता काढून काय उपयोग? एकदा इचार. आत्ता इचार. काका, तुमचा आवाज घेऊ का, एवढंच म्हण."

तू माझ्याकडं बघितलंस. तुझा चेहरा मी तुला शिकवला होता तसा कोरा होता. म्हणालीस, "नाही म्हणत."

त्यानंतर रविवार बंद झाले. तुम्हाला तोवर गोदामाची गरज उरली नव्हती. पुणे, हैदराबाद, बंगलोर, कुठंकुठं जात होतात. मी बघत नव्हतो असं सगळ्यांना सांगत होतो. बंगलोरचं मी मोबाईलवर सहा वेळा बघितलं. मराठीचा एक शब्द न कळणारी हजार पोरं हात वर करून लाभ, लाभ करत होती. सहाव्यांदा बघताना बायको मागं उभी होती. म्हणाली, "एवढा राग हाय तं कायले पाहून राह्यले?" मी म्हटलं, "राग टिकला पाह्यजे म्हणून."

मग ते वर्ष आलं, गुलाबी अळीचं. कापसाची पऱ्हाटी वरून हिरवीगार आणि बोंड फोडलं की आत अळी बसलेली. माल घेऊन लोक सरकारी खरेदी केंद्रावर गेले. दोन-दोन दिवस गाड्यांची रांग. प्रत ठरवणारे साहेब आत खोलीत बसायचे, माणूस बाहेरून मूठभर नमुना आत न्यायचा आणि आतून निरोप यायचा, कवडी, परत न्या. कुणाच्या गाडीतला नमुना, कुणाचा निरोप, काही मेळ नव्हता. मीही त्या रांगेत होतो. शेतकऱ्यांच्या रांगेत व्यापाऱ्याचा काय संबंध होता ते तू विचारू नकोस, मी सांगणार नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी एक ट्रॅक्टर रांगेच्या कडेनं पुढं आला. ट्रॉलीवर फिरोजचे ढोल, रोशन, आणि तू. तोंड सुजलेलं होतं तुझं. किडन्यांचं तेव्हाच सुरू झालं होतं, आम्हाला ठाऊक नव्हतं. तू माईकवर भाषण केलं नाहीस. एवढंच म्हणालीस, "आमच्या बँडचं नाव कवडी. आतून निरोप आला, का कवडी परत न्या, म्हणून इथंच वाजवतो."

फिरोजनं दांडकी वर केली आणि तू रांगेकडं हात दाखवलास. गाडीवान, हमाल, दोन दिवस उपाशी बाया, म्हातारे, सगळे एकदम. लाभ. दोन. तीन. चार. पत्र्याच्या शेडवरची कबुतरं उडाली. एवढं मोठं आवार ओरडलं आणि एकटा मी हाताची घडी घालून गप्प उभा होतो. तू मला बघितलंस. गाणं म्हणता म्हणता माझ्याकडं बघून भुवई उडवलीस. मी मान फिरवली.

तिसऱ्या गाण्याला खोलीचं दार उघडलं. चौथ्याला साहेब बाहेर आले. कुणी त्यांना हात लावला नाही, कुणी शिवी दिली नाही. प्रत्येक वेळी ते बोलायला तोंड उघडत आणि आवार लाभपासून मोजायला लागे. शेवटी दोन माणसांनी आतलं टेबल उचलून बाहेर उन्हात आणून ठेवलं. गाडी टेबलासमोर येणार, मालकासमोर कापूस बघणार, मालकासमोर निकाल. सगळ्यांचा माल गेला नाही, खोटं सांगणार नाही. पण निकाल तोंडावर मिळाला, आणि ते टेबल त्या हंगामात परत आत गेलं नाही. भीमराव मोठ्यानं माप का पुकारायचा, हे मला त्या दिवशी पुन्हा आठवलं. तरीही मी तुझ्याशी बोललो नाही. त्याबद्दल आज मला काय वाटतं, ते माझ्याजवळच राहू दे.

दवाखान्यात आलो तेव्हा तू उशीला टेकून बसली होतीस, हाताला नळी.

"कायले आले? माफी मागाले का मागून घ्याले?"

"भाव कराले."

तू हसलीस, खोकलीस. "सांगा भाव."

"एक वाक्य. काका, तुमचा आवाज घेऊ का."

"घेतलेली वस्तू कोणी मागते का?"

"मंग नऊ वर्षं तू मालक कशी झाली त्याची?"

तू काहीतरी बोलणार होतीस. ओठ हलले. तेवढ्यात नर्स आली, म्हणाली, वेळ संपली. मी उठलो. म्हणालो, "पुढच्या खेपेला बोलू." तू मान हलवलीस. सौदा उद्यावर टाकणारा व्यापारी मी कधीच नव्हतो. तेवढा एकच टाकला.

तू गेल्यावर चौथ्या दिवशी कमलबाईकडं गेलो. ती पांढऱ्या साडीत भिंतीला टेकून बसली होती. मी काही बोलण्याआधी तिनं तुझा जुना मोबाईल पुढं केला. "किसनभाऊ, याच्यात ते माप हाय. पोरगी रोज सकाळी लावत होती. आंघोळीआधी. चार आकडे ऐकाची आन् बंद कराची."

"माहं माप?"

"तुमचं कसं?" कमलबाई म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, नवल होतं. "लाभ असा लांब वढाचा आन् तीन खाली टाकाचा, हे तुमचं हाय का? हे त्याहीचं हाय. मी वीस वर्षं कापूस निवडाले ढिगापाशी बसून त्याच मापावर गाठी मारल्या. त्याहीचा फोटो हाय एक, पण आवाज कोठं होता? तिले बापाचा आवाज आठवत नव्हता. तुमी त्या दिवशी काट्यावर उभे राह्यले आन् ती पळत घरी आली. म्हणे आई, बाबा सापडला."

भीमरावनं मला काटा दिला, हे मी सगळ्यांना सांगतो. सूरही त्याचाच होता, हे माझ्या कधी ध्यानातच आलं नाही. चाळीस वर्षं तो माझ्या गळ्यात होता आणि मी त्याला माझा समजत होतो. मी तरी कुठं विचारलं होतं त्याला?

आणि तू सांगितलं नाहीस. दारात ओला टॉवेल पिळताना एक वाक्य बोलली असतीस, तर मी तिथंच हात जोडले असते. पण गरज समोरच्याला कळू द्यायची नाही. माझाच धडा तू माझ्यावर वापरलास, नऊ वर्षं, आणि एकदाही चेहरा हलू दिला नाहीस. माया, मी तालुक्यातले सगळे व्यापारी झेलले. हरलो तो तुझ्यापुढं. आणि मला त्याचा अभिमान वाटतो, हे लिहिताना माझा हात थांबत नाही.

तुझ्या जलदान विधीच्या आदल्या दिवशी फिरोज आणि रोशन दुकानात आले. दोघं उभेच.

"शेठ, एक इचाराचं होतं," फिरोज म्हणाला.

नऊ वर्षं मी ज्या शब्दाची वाट पाहिली तो शब्द. मी दोघांना बसवलं. "इचार."

"उद्या विहारातला विधी झाल्यावर वाजवावं म्हंतो, तुमच्या गोदामात. आन् माप तुमी म्हणसान का? मोबाईलवालं नाही. उभं राहून."

"मले काय देसान?"

फिरोज गोंधळला. तेव्हा रोशन बोलला, इतक्या वर्षांत माझ्यासमोर पहिल्यांदा. "तुमीच सांगा, काका. आमी घासाघीस करू."

मी अटी सांगितल्या. आधी माईकवर सांगायचं, हे माप भीमराव मापाऱ्याचं आहे. मग माझं नाव, आणि माझ्या नावापुढं शेठ लावायचं नाही, मापारी लावायचं. आणि मी चारवर थांबणार नाही. पहिल्या दोन अटी त्यांनी लगेच मानल्या. तिसरीवर फिरोज म्हणाला, गाणं चारवर सुरू व्हायला पाहिजे. मी म्हटलं, तुम्ही सुरू करा, मी माझं मोजतो. तो दहापर्यंत आला. मी हललो नाही. शेवटी रोशन म्हणाला, "मोजू द्या, फिरोजभाई. माल संपेस्तोवर."

गोदाम रिकामं होतं. हंगाम संपलेला, खाली झाडलेली फरशी, वर तापलेला पत्रा. दारव्हा आलं, दिग्रस आलं, यवतमाळहून जीपा भरून आल्या, पुण्याहून मोटारसायकलींवर लाल-निळ्या केसांची पोरं आली आणि विहारातून सरळ आलेल्या पांढऱ्या साड्यांच्या बायांजवळ दाटीवाटीनं उभी राहिली. कळंबची ती वेणीवाली होती, कडेवर मूल घेऊन. कमलबाईला मी लोखंडी आकड्याखाली खुर्ची दिली आणि तिच्या शेजारी उभा राहिलो. फिरोजनं सांगायचं ते सांगितलं. भीमरावचं नाव आलं तेव्हा मागून कुणीतरी जय भीम म्हणालं आणि सगळं गोदाम म्हणालं.

मी सदरा काढून ठेवला. लाभ म्हणालो.

तुला ते ऐकायला हवं होतं. आवाज खायला एक बोंड नव्हतं त्या गोदामात. आवाज चारी भिंतींवर जाऊन परत आला, लांब ओढलेला, आणि मी ओळखला. दोन. तीन खाली टाकला. चार. आणि त्या दोघांनी असं वाजवलं की पत्र्यावरची धूळ आमच्या अंगावर सांडली. तुझ्या जागेवर नुसता माईक उभा होता, त्याच्यात कुणी गायलं नाही. मी मोजत राहिलो. पाच, सहा, सात. पुण्याच्या पोरांना चारच्या पुढचा सूर ठाऊक नव्हता, ती माझ्या तोंडाकडं बघून शिकली. वीसला गाणं संपलं, मी थांबलो नाही, तसं फिरोजनं दुसरं सुरू केलं. तू केलेली सगळी गाणी वाजली, आणि त्या सगळ्यांवरून माझं माप चालत राहिलं, घसा फाटेपर्यंत, तुझ्यासारखा.

विचारलं असतंस तर मी भाव केला असता, माया. खूप ताणला असता, उठून गेलो असतो, परत आलो असतो. आणि शेवटी दिला असता. हे तुला ठाऊक असायला हवं होतं. एवढी एक तक्रार मी ठेवून घेतोय. बाकी सौदा पूर्ण झाला.

शेवटचा आकडा कोणता होता ते माझ्या ध्यानात राहिलं नाही. खाली बघितलं तर कमलबाईचा सगळा पदर गाठींनी भरला होता. तिनं तो अजून सोडलेला नाही. कुणाला पडताळून बघायचं असेल तर तिच्याकडं जावं. पण आधी तिला विचारावं.